देवगिरी एका दिवसात : जिंतूरहून निघणाऱ्यांसाठी

थायलंडची सहल करून आलेल्या कुणालाही विचारा, अयुथया पाहिलं का? बहुतेक जण मान डोलावतात. बँकॉकपासून ऐंशी-एक किलोमीटरवरची ही सयामची जुनी राजधानी. १३५० मध्ये वसली, १७६७ मध्ये ब्रह्मी फौजांनी जाळली आणि पुन्हा राजधानी म्हणून उभी राहिली नाही. सकाळी हॉटेलातून बस उचलते, गाइड बोलत राहतो, पडक्या विटा आणि शिर नसलेल्या बुद्धमूर्ती पाहून संध्याकाळी माणसं परत येतात. पैसे मोजून ऐकलेलं असतं, म्हणून लक्षातही राहतं. हीच माणसं दौलताबादला जातात तेव्हा मात्र वेरूळच्या वाटेवर तासभर गाडी थांबवतात, मेंढा तोफेजवळ फोटो काढतात, थोडं चढून धाप लागली की खाली उतरतात. वर सांगतात, "किल्ला बघितला."

माझं म्हणणं एवढंच, की देवगिरीला किल्ला म्हणून जाऊ नका, राजधानी म्हणून जा. आणि पूर्ण दिवस तिलाच द्या. वेरूळ, घृष्णेश्वर, भद्रा मारुती, बीबी का मकबरा, पाणचक्की हे सगळं एकाच दिवसात कोंबणारी सहल आपल्याकडे फार लोकप्रिय आहे. तिच्यात पाय दुखतात, गाडीत उलट्या होतात आणि हाती काही लागत नाही. परभणी-जिंतूरचा हा सगळा मुलूख एके काळी ज्या नगरीच्या सत्तेखाली होता, ती नगरी पाहायला एक रविवार काही जास्त नाही.

आधी घरचा अभ्यास. तो पुस्तकातून नको, चारठाण्यातून करा. जिंतूरहून मंठ्याच्या रस्त्यावर चारठाणा आहे. सहलीच्या आदल्या रविवारी संध्याकाळी तिथे जाऊन या. गोकुळेश्वराचं मंदिर, तिथली बारव, गावातला उंच दगडी स्तंभ आणि इकडेतिकडे विखुरलेली जुनी देवळं निवांत बघा. मुलांना खांबांचे चौकोन, त्यावरचे अष्टकोन, वरच्या भागातली वर्तुळं दाखवा, मोबाइलवर फोटो काढून ठेवा. अशा बांधणीला आपण सरसकट हेमाडपंती म्हणतो. तो हेमाडपंत म्हणजे हेमाद्री, महादेवराय आणि रामदेवराय या यादव राजांचा मंत्री, 'चतुर्वर्गचिंतामणी' या ग्रंथाचा कर्ता. तो जिथे बसून कारभार बघत होता, तिथे पुढच्या रविवारी जायचं आहे, असं मुलांना सांगितलंत तर त्यांना सहलीचं कारण कळेल. चारठाण्याचे ते फोटो देवगिरीत कामाला येणार आहेत.

थोडा इतिहास गाडीत सांगायला लागेल, तोही इथेच उरकू. साधारण ११८७ च्या सुमारास भिल्लम यादवाने देवगिरीला राजधानी केली. त्याचा नातू सिंघण याच्या काळात राज्य सर्वांत मोठं झालं. संगीतावरचा 'संगीतरत्नाकर' लिहिणारा शार्ङ्गदेव त्याच्याच दरबारातला. पुढे कृष्णदेव, महादेव, मग रामदेवराय. ज्ञानेश्वरांनी नेवाशात १२९० मध्ये ग्रंथ पुरा केला तेव्हा गादीवर रामदेवराय होता आणि ग्रंथाच्या शेवटी त्याचा उल्लेखही आहे. मराठीत पहिल्यांदा भरभरून लिहिलं जात होतं ते याच राज्यात. सहा वर्षांनी, १२९६ मध्ये, अलाउद्दीन खिलजी दारात उभा राहिला. त्यानंतर इथे मालक बदलत गेले: खिलजी, तुघलक, बहमनी, निजामशाही, मुघल, आसफजाही. एवढं पुरे. बाकीचं जागेवर.

वेळ कोणती निवडावी? दिवाळीनंतर ते फेब्रुवारी अखेर. पावसाळ्यात डोंगर हिरवागार दिसतो, पण कातळातल्या पायऱ्या शेवाळतात. एप्रिल-मे तर नकोच. आपल्याला ऊन नवं नाही, पण चाळीसच्या वर पारा गेल्यावर तापलेला काळा दगड चढणं ही हौस नव्हे. आठवड्याचा वार निवडायची मुभा असेल तर रविवार टाळा. बचतगट, भिशी मंडळ, निवृत्त शिक्षक असे गट सहज मधला वार घेऊ शकतात आणि त्यांना किल्ला जवळजवळ मोकळा मिळतो.

जिंतूरहून दौलताबाद पावणेदोनशे किलोमीटरच्या आसपास पडतं. चारठाणा, मंठा, जालना असा सरळ रस्ता. जालन्याजवळ समृद्धी महामार्गावर चढलात तर माळीवाड्याला उतरता येतं आणि तिथून किल्ला जवळच. छत्रपती संभाजीनगरच्या गर्दीत शिरावंच लागत नाही. समृद्धीवर दुचाकीला बंदी आहे. चारचाकीचे टायर आदल्या दिवशी तपासून हवा बरोबर करून घ्या; त्या तापलेल्या काँक्रीटवर टायर फुटून झालेले अपघात आपण पेपरात वाचतोच. चहापाण्यासह साडेतीन-चार तास धरा. म्हणजे पहाटे साडेचारला जिंतूर सोडलं तर आठ-साडेआठला दारात. ड्रायव्हरमामांना आदल्या रात्री झोप मिळाली आहे का, हे निघण्यापूर्वी स्पष्ट विचारा. लग्नसराईत ते रात्रभर वरात सांभाळून आलेले असतात आणि सांगत नाहीत.

एसटीने जायचं तर संभाजीनगरच्या मध्यवर्ती बसस्थानकावरून वेरूळ, खुलताबाद, कन्नडकडे जाणाऱ्या गाड्या दौलताबादवरून जातात. महिलांना अर्धं तिकीट, ६५ ते ७५ वयाच्या ज्येष्ठांनाही अर्धं आणि पंचाहत्तरीपुढच्यांना प्रवास मोफत, त्यामुळे घरातल्या आजी-आबांचं कारण पैशाचं उरत नाही. आधार कार्ड मात्र विसरू नका. चाळीस-पंचेचाळीस जण असाल तर आगारात प्रासंगिक करारावर अख्खी बस मिळते का विचारा. शाळांना त्यात सवलत असते. आपल्याकडे रेल्वे नाही, पण परभणीहून किंवा सेलूहून गाडी पकडून संभाजीनगर गाठणारेही आहेत. एका दिवसाच्या हिशेबात ते जमवणं अवघड.

आता गाइड. तिकीटखिडकीजवळ ते भेटतात. पुरातत्त्व विभागाचं तिकीट भारतीयांना २५ रुपये आहे आणि पंधरा वर्षांपर्यंतच्या मुलांना तिकीट नाही. गाइडचे पैसे वेगळे. ओळखपत्र बघा, आणि चार गोष्टी आधी ठरवून घ्या: किती पैसे, किती वेळ, मराठीतून सांगणार का, आणि कुठपर्यंत येणार. चौथी गोष्ट महत्त्वाची. पुष्कळ गाइड अंधेरीच्या, म्हणजे कातळातल्या काळोख्या जिन्याच्या, वरच्या तोंडाशी हात जोडतात आणि पुढे तुम्हीच जा म्हणतात. त्यात गैर काही नाही, त्यांना दिवसातून अनेकदा चढायचं असतं; पण आधी कळलेलं बरं. पंधरा जणांच्या मागे एक गाइड पुरे, त्याहून जास्त असतील तर दोन घ्या. मागच्यांना ऐकू येत नाही, मग ते रील काढत बसतात.

गाइड बोलायला लागला की त्याला घाई करू नका, आणि त्याच्या प्रत्येक वाक्याला मानही डोलावू नका. "हा किल्ला कुणालाच लढून घेता आला नाही" हे वाक्य तुम्हाला ऐकायला मिळेलच. त्यावर विचारा, मग १६३३ मध्ये मुघलांनी कसा घेतला? महाबतखानाच्या फौजेने सुरुंग लावून बाहेरच्या अंबरकोटाला भगदाड पाडलं, एकेक तट घेत ते आत सरकले. आत मलिक अंबरचा मुलगा फत्तेखान होता आणि त्याच्याकडचं धान्य संपत आलं होतं. विजापूरकरांनी बाहेरून रसद पोचवायचा प्रयत्न केला, तो मुघलांनी हाणून पाडला. शेवटी फत्तेखानाने किल्ल्या दिल्या. म्हणजे कातळ कुणी चढून गेलं नाही हे खरं, पण लढाई झाली हेही खरं. १२९६ ची गोष्टही अशीच पोटाची. यादवांचं मुख्य सैन्य राजपुत्र शंकरदेवाबरोबर बाहेर होतं, रामदेवराय घाईने किल्ल्यात शिरला, आणि धान्याची म्हणून आत घेतलेली पोती उघडली तर मीठ निघालं, असं सांगतात. मिठाची गोष्ट खरी असो की रचलेली, या जागेचं दुखणं ती नेमकं सांगते. दगडाने हा किल्ला कधी दगा दिला नाही, कोठाराने दिला. म्हणून दिवसभर गाइडला दोनच प्रश्न विचारत राहा: इथे पाणी कुठून यायचं, आणि धान्य कुठे ठेवायचे? या दोन प्रश्नांनी भिंती बोलायला लागतात, आणि चांगला गाइडही खुलतो.

पाण्याचं उत्तर तर पहिल्या अर्ध्या तासातच समोर येतं. महाकोटाच्या दारातून आत आल्यावर तोफा मांडलेला चौक लागतो. तिथल्या दारांवरचे लोखंडी खिळे, वळणावळणाची वाट, प्रत्येक वळणावर वरून मारा करता येईल असे बुरूज हे सगळं गाइड सांगेलच. पुढे हत्ती हौद. नाव ऐकून हत्तींना पाणी पाजायचा हौद असं वाटतं, पण त्याचा आकारच हत्तीएवढा, म्हणून ते नाव. कठड्याशी उभं राहून एवढ्या पाण्यावर किती माणसं किती दिवस काढतील, याचा अंदाज मुलांना करायला लावा. उन्हाळ्यात टँकरची वाट पाहणाऱ्या गावांतली मुलं आपली. हा हिशेब ती मोठ्यांपेक्षा लवकर करतात. जवळपास जुनी विहीरही आहे, तीही बघा.

हौदाजवळच भारतमाता मंदिर. इथे चारठाण्याचे फोटो मोबाइलवर उघडा. ही वास्तू मुळात मशीद. १३१८ च्या सुमारास कुतुबुद्दीन मुबारकशाह खिलजीने बांधवली, आणि तिचे खांब त्याआधीच्या मंदिरांचे. चौकोन, अष्टकोन, वर्तुळ, तेच सगळं. हैदराबाद संस्थान १९४८ मध्ये भारतात आल्यानंतर इथे भारतमातेची मूर्ती बसली. एकाच छपराखाली यादव, खिलजी आणि स्वतंत्र भारत असे तिघे आहेत. यावरून गटात वाद पेटण्याचीही शक्यता असते; तो बसमध्ये घाला, इथे खांब बघा. यादवांची राजधानी नेमकी कशी दिसत असेल याचा अंदाज सगळ्या किल्ल्यात या खांबांइतका दुसरीकडे येत नाही. वरचे महाल, बारादरी, मिनार ही सगळी नंतरच्यांची कामं.

समोरचा चांदमिनार बहमनी काळातला, पंधराव्या शतकातला. आत चढू देत नाहीत, तेव्हा खालूनच बघायचा. तो पाहताना तुघलकाचा विषय निघतोच. मुहम्मद तुघलकाने १३२७ मध्ये राजधानी दिल्लीहून इथे आणली, नाव दौलताबाद ठेवलं, आणि काही वर्षांनी दिल्लीकरांना परतीची मोकळीक द्यावी लागली. त्याला लहरी म्हणून हसणं सोपं आहे. पण जाऊन-येऊन झालेल्या त्या फेऱ्यात बरेच लोक इकडेच राहिले: सूफी, कारागीर, सैनिक, व्यापारी. खुलताबादचे दर्गे त्यातूनच उभे राहिले. जिंतूरच्या बाजारात रोज कानावर पडणाऱ्या दखनीची एक मुळीही इथवर पोचते. इब्न बतूता हा मोरोक्कोचा प्रवासी याच काळात दौलताबादला येऊन गेला. इथल्या तुरुंगातले उंदीर मांजरांपेक्षा मोठे असल्याचं त्याने लिहून ठेवलंय. मुलांना तुघलकापेक्षा हे उंदीर जास्त लक्षात राहतात. राहू द्या.

पुढे कालाकोटात चिनी महाल आहे. भिंतीवर निळ्या-पांढऱ्या फरशांचे तुकडे अजून दिसतात. गोवळकोंड्याचा शेवटचा सुलतान अबुल हसन तानाशाह याला १६८७ नंतर औरंगजेबाने इथे कैदेत ठेवलं, इथेच तो गेला. आणि निजामशाहीच्या महालांचे अवशेष पाहताना १६२९ आठवा: सिंदखेडच्या लखुजी जाधवरावांना मुलांसह याच किल्ल्यात दरबारासाठी बोलावून मारलं. जिजाऊंचे ते वडील. आणि सिंदखेडचं हे घराणं आपला वंश देवगिरीच्या यादवांशी जोडतं. गाइडने हे सांगितलं नाही तर तुम्ही विचारा.

इथवर सगळं जवळजवळ सपाटीवर आहे. म्हणूनच गुडघे दुखणाऱ्या आजी-आबांना घरी ठेवण्याचं कारण नाही. राजधानीचा मोठा भाग खाली, या तटांच्या आत होता. वरचा डोंगर म्हणजे अडचणीच्या वेळेचा आसरा. मेंढा तोफेच्या बुरुजापर्यंत वेळ घेत त्यांना न्या, तिथून कापलेला कातळ दिसतो. त्यापुढे ज्यांना जमेल त्यांनीच जावं.

मूळ डोंगर उताराचा होता. पायथ्याकडचा भाग छिन्नी-हातोड्याने सरळ कापून उभी भिंत केली, तिच्या पायाशी खंदक खोदला. खंदकावरून जायला एकच पूल. पूल ओलांडला की अंधेरी. कातळातून वळत वर जाणारा काळोखा जिना, वाटेत फसव्या वाटा, उजेड दिसतो म्हणून शत्रू जावा आणि थेट खंदकात पडावा अशा खिडक्या, आणि वरच्या तोंडावर लोखंडी झाकण. त्यावर आग पेटवली की धूर खाली कोंडायचा. गाइड इथे रंगात येतो. त्याला दोन मिनिटं सगळ्यांचे मोबाइल बंद करायला सांगा. मग हात धरून जिना चढा, म्हणजे हा सापळा कसा चालायचा ते अंगाला कळतं. वटवाघळं आहेत, वास उग्र असतो. दमा असणाऱ्यांनी किंवा काळोखात घाबरणाऱ्यांनी बाजूने वाट उघडी आहे का हे आधी विचारून घ्यावं. मशाल, काडेपेटी काही पेटवू नका. धुराने मोहोळ उठलं तर पळायला जागा नाही. शाळेची सहल असेल तर दहा-दहा मुलांची टोळी, पुढे एक शिक्षक, मागे एक, आणि आत ओरडण्याची स्पर्धा नाही. आवाजाने मजा येते खरी, पण जिन्यावर एक घसरला की मागचे चार जातात.

अंधेरीनंतर गणपतीचं देऊळ, मग शाहजहानच्या काळातली बारादरी, मग अगदी माथ्यावर तोफेचा बुरूज. एकूण सातशे-साडेसातशे पायऱ्या सांगतात. वर पाणी मिळत नाही, स्वच्छतागृह नाही. खाली उरकून जा आणि माणशी दीड-दोन लिटर पाणी बरोबर ठेवा. माकडं पिशवी ओढतात, त्यामुळे हातात प्लॅस्टिकची कॅरीबॅग नको, पाठीवर सॅक असू द्या. चपला नकोत, बूट घाला. वर जनार्दनस्वामींचं स्थान आहे. ते निजामशाहीत या गडाचे किल्लेदार होते आणि पैठणचा पोरसवदा एकनाथ गुरूच्या शोधात त्यांच्याकडे आला, इथेच शिकला. हिशेबातली एक पैची चूक रात्रभर जागून शोधणारा एकनाथ ही गोष्ट आपल्याकडे घरोघरी सांगतात. ती याच गडावरची. वारकरी मंडळी या एका ठिकाणासाठी सगळ्या पायऱ्या चढतात आणि तरुण पोरांच्या आधी पोचतात.

माथ्यावर पोचल्यावर लगेच उतरू नका. खालचा मिनार, तटांची वर्तुळं, बाहेरच्या अंबरकोटाची रेघ वरून स्पष्ट कळते, आणि धान्याचा प्रश्न पुन्हा विचारता येतो: एवढं शहर आत घेतलं तर त्याला खायला काय घालायचं?

उतरायला दीड वाजेल. जेवण घरून न्या. भाकरी, ठेचा, शेंगदाण्याची चटणी, दशम्या, दही. किल्ल्याच्या आत डबे उघडू नका, बाहेर येऊन झाडाखाली बसा. हंगामात दारातच सीताफळं आणि पेरू मिळतात, दौलताबादची सीताफळं घ्यावीत अशीच असतात.

दुपारी एकच थांबा ठेवा: कागजीपुरा. खुलताबादच्या रस्त्यावर, घाटातल्या जुन्या वेशीतून पुढे गेलं की हे गाव लागतं. हाताने कागद करायची कला तुघलकाबरोबर आलेल्या कारागिरांनी इथे आणली, असं इथली मंडळी सांगतात. लगदा, चौकट, वाळवण हे सगळं समजायला अर्धा-पाऊण तास लागतो. कुणी काम दाखवलं तर थोडा कागद विकत घ्या. वेशीपाशी रस्ता अरुंद आहे आणि रविवारी तिथे गाड्या अडतात, तेव्हा मोठी बस असेल तर ड्रायव्हरला आधी कल्पना द्या. वेरूळ या दिवसात बसवू नका; आणि स्वतंत्र दिवस काढाल तेव्हा लेणी मंगळवारी बंद असतात हे लक्षात ठेवा. लखुजींची गोष्ट ऐकून मुलांनी सिंदखेडराजाचा हट्ट धरला तर तेही वेगळ्या रविवारी. जालन्याहून ते जवळ आहे.

साडेचारच्या आत परत फिरा. जालन्यात चहा, आणि मंठ्यापासून पुढच्या रस्त्यावर ऊसतोडीच्या दिवसांत मागचे दिवे नसलेल्या ट्रॅक्टर-ट्रॉल्या असतात; तिथे ड्रायव्हरशेजारी जागं राहून बोलणारा एक माणूस बसवा.